दहा सेकंदांचा दर

रेडिओवर पैसे घेऊन जाहिराती वाजवायला आपल्या सरकारने सुरुवात केली ती १ नोव्हेंबर १९६७ रोजी. त्यासाठी देशभरातून निवडलेली तिन्ही केंद्रं महाराष्ट्रातली होती: मुंबई, पुणे आणि नागपूर. खाजगी एफएम आलं तेव्हा ‘आता रेडिओ बाजारू होणार’ म्हणून गळा काढणाऱ्यांना मी ही तारीख हटकून ऐकवायचे. साबण, दंतमंजन, डोकेदुखीच्या गोळ्या हे सगळं आपल्या आयांनी विविध भारतीवर ऐकलेलं होतं आणि त्याआधी सिलोनवर. नभोवाणी मंत्री बाळकृष्ण केसकर यांनी पन्नाशीच्या दशकात आकाशवाणीवरून सिनेमाची गाणी हद्दपार केली. मग श्रोते आणि त्यांच्या मागोमाग जाहिरातदार समुद्र ओलांडून रेडिओ सिलोनकडे गेले. अमीन सयानींची बिनाका गीतमाला याच निर्वासितांवर वाढली. केसकर मराठीच होते, हे आपण फारसं कुणाला सांगत नाही. विविध भारती १९५७ साली निघाली ती हे गेलेलं गिऱ्हाईक परत आणायला, आणि दहा वर्षांनी तिने गल्लाही मांडला.

तेव्हा जाहिरातींशी माझं भांडण नाही. असूच शकत नाही, कारण माझं घर बरीच वर्षं त्यांच्यावरच चाललं. दादरच्या एका लहानशा एजन्सीत मी मराठी कॉपी, म्हणजे जाहिरातींचा मजकूर, लिहायचे. आधी वर्तमानपत्रातल्या चौकटी आणि हँडबिलं, आणि २००२ पासून रेडिओचे स्पॉट, म्हणजे काही सेकंदांच्या जाहिराती. मुंबईच्या एफएमचा इतिहास लोक आरजेंच्या नावांनी सांगतात. मी तो रेट कार्डाच्या, म्हणजे जाहिरातींच्या दरपत्रकाच्या बाजूने बघितला. त्या केंद्रांवर काय वाजणार, कुठल्या भाषेत वाजणार, लोकांना हसवायचं का रडवायचं, यातलं बरंचसं स्टुडिओत ठरलंच नाही, असं माझं मत आहे. ते दिल्लीत लिलावाच्या कागदावर ठरलं.

मुंबईत खाजगी एफएम पहिल्यांदा ऐकू आलं ते आकाशवाणीच्याच ट्रान्समीटरवरून. १९९३ मध्ये आकाशवाणीने दिल्ली-मुंबईतल्या एफएमचे काही तास खाजगी निर्मात्यांना भाड्याने दिले. टाइम्स एफएम आणि रेडिओ मिड-डे ही त्यातली आपल्या लक्षात राहिलेली नावं. ऐकणाऱ्याला वाटायचं हे वेगळं स्टेशन आहे, पण जागा सरकारची होती आणि ही मंडळी भाडेकरू. जून १९९८ मध्ये आकाशवाणीने करार पुढे चालवायला नकार दिला आणि सगळे एका फटक्यात बाहेर पडले. दरम्यान फेब्रुवारी १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बंगालच्या क्रिकेट संघटनेच्या खटल्यात सांगून टाकलं होतं की रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, तिच्यावर सरकारची मक्तेदारी नाही. निकाल वाचून कुणाला वाटलं असेल की आता लहरी लोकांच्या हाती येतील. सरकारने त्यातून सोयीचा अर्थ काढला: मालमत्ता आहे ना, मग लिलाव करू.

खाजगी एफएमच्या पहिल्या टप्प्याचा लिलाव २००० साली झाला. ४० शहरं, १०८ वाहिन्या. मुंबईच्या एकेका वाहिनीचा आकडा वर्षाला ९ कोटी ७५ लाखांवर गेला. ही फी ठरीव होती. तुमची कमाई होवो न होवो, भरायचीच, आणि दर वर्षी तिच्यात १५ टक्के वाढ. हिशोब करून बघा. पहिल्या वर्षी दिवसाला सुमारे २ लाख ६७ हजार रुपये, म्हणजे तासाला ११ हजारांच्या वर, आणि तेही एक गाणं न वाजवता, एक पगार न देता, पहाटेचे तास धरून. पाचव्या वर्षी हीच फी १७ कोटींच्या पुढे. बोली लावताना जोर आलेल्या अनेकांना भरायच्या वेळी घाम फुटला. १०८ पैकी प्रत्यक्षात हवेत आल्या त्या १२ शहरांतल्या २१ वाहिन्या.

त्यातल्या पाच मुंबईत, २००२ मध्ये. ९१ वर रेडिओ सिटी, ९२.५ वर गो, ९३.५ वर रेड, ९४.६ वर विन आणि ९८.३ वर मिरची. पहिले काही महिने खरोखर मजेचे होते. कोण काय आहे हे त्यांनाही धड ठाऊक नव्हतं. गो सरळ इंग्रजी वळणाचं होतं, आणि सकाळी जग्गू-तराना गप्पा मारायचे. विन थोडं इकडचं, थोडं तिकडचं. बाकीचे हिंदी सिनेमाच्या गाण्यांत वेगवेगळे मसाले घालून बघत होते. टॅक्सीवाले काटा फिरवत राहायचे आणि प्रत्येक ठिकाणी काहीतरी निराळं सापडायचं. ही चैन फार दिवस परवडणारी नव्हती. काही वर्षांत विन बंद पडलं. उरलेल्यांचा आवाज हळूहळू एकमेकांसारखा होत गेला. दिवसाला पावणेतीन लाख नुसते दारावर द्यायचे असतील, तर जे गाणं शेजारच्या स्टेशनवर चालतंय तेच आपणही लावावं असं कुणालाही वाटेल. त्यात कल्पकतेचा अभाव शोधू नये. ती भीती होती, आणि भीतीला रास्त कारण होतं.

आता माझ्या खात्याकडे येते. रेडिओवर वेळ विकतात ती दहा सेकंदांच्या मापाने. दर दहा सेकंदांचा, स्पॉट वीस किंवा तीस सेकंदांचा. आमच्या गिऱ्हाइकांना वीसच झेपायचे. वीस सेकंदांत मराठीत पन्नासेक शब्द बसतात, तेही वाचणाऱ्याचा दम चांगला असेल तर. दादरच्या एका साड्यांच्या दुकानाचा गणपतीतला स्पॉट मला अजून पाठ आहे. मालक वयस्कर होते, कॉपी समोर धरून पेन्सिलीने खुणा करत बसायचे.

“ताई, दोन्ही दुकानांचे पत्ते आले पाहिजेत.”

“काका, एक पत्ता म्हणजे चार सेकंद.”

“असू देत. आणि फोन नंबर दोनदा. लोक एकदा ऐकून लिहून घेत नाहीत.”

“मग साडीचं कधी सांगायचं?”

त्यांनी क्षणभर विचार केला. “साडी त्यांना माहीत आहे. दुकान कुठे आहे ते सांगा.”

तेव्हा मी मनातल्या मनात कपाळावर हात मारला होता. वीस सेकंदांपैकी बारा पत्त्यात आणि नंबरात गेली, उरलेल्या आठांत नऊवारी, पैठणी, सूट आणि बाप्पा मोरया. माहीमच्या एका डबिंग स्टुडिओत रेकॉर्डिंग होतं. आवाज देणारी मुलगी ‘प्लाझा सिनेमासमोर’ म्हणताना दर टेकला अडखळायची. रेकॉर्डिस्ट काचेपलीकडून बोटांनी सेकंद दाखवायचा, आणि शेवटी त्याने शब्दांमधले श्वास कापून काढून ते बावीसचे वीस केले. श्वास काढलेली ती मराठी इतकी घाईची झाली की ऐकताना आपल्यालाच धाप लागावी. काकांना मात्र पसंत पडली. पहिल्याच शनिवारी दुकानात आलेल्या कुणीतरी ‘रेडिओवर ऐकलं’ म्हटलं म्हणे, आणि त्यांनी पुढच्या वर्षीचंही तिथल्या तिथे कबूल केलं.

अडलं ते दुसरीकडेच. स्पॉट मराठीत आहे म्हटल्यावर एका स्टेशनचा विक्री करणारा मुलगा, स्वतः गिरगावातला, मला बाजूला घेऊन म्हणाला, “मॅडम, हिंदीत करून द्याल का? ऐकायला जरा वेगळं वाटतं.” वेगळं म्हणजे काय हे त्याने सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. स्पॉट अखेर मराठीतच वाजला, कारण पैसे काकांचे होते आणि काका हटले नाहीत. पण त्याच्या आधी हिंदी गाणं, नंतर हिंदी गाणं, मधे आरजेची हिंदी-इंग्रजी. मुंबईच्या हवेत मराठी ऐकू येते ती फक्त साडी आणि सोनं विकायला, हे तेव्हा पहिल्यांदा कानाला टोचलं.

या टोचण्याला पुढे मोठा आवाज मिळाला. संगीतकार कौशल इनामदार यांनी जाहीरपणे अनेकदा सांगितलेली हकीकत आहे. मुंबईतल्या एका खाजगी एफएमवर मराठी गाणी का लावत नाही असं विचारल्यावर उत्तर आलं की मराठी गाणी लावली तर स्टेशन ‘डाउनमार्केट’ वाटेल. त्या संतापातून सुरेश भटांच्या कवितेवरचं मराठी अभिमानगीत उभं राहिलं. शेकडो गायकांचे आवाज त्यात आहेत, आणि २७ फेब्रुवारी २०१० रोजी ते लोकांसमोर आलं. मला त्या गीताइतकंच ते उत्तर महत्त्वाचं वाटतं. ते देणारा माणूस मराठीद्वेष्टा होता असं मी मानत नाही. मोबाइल फोन, गाड्या आणि बँका यांच्या जाहिराती कुठल्या कानांना शोधतात, हे त्याला महिन्याच्या बैठकीत ऐकवलं जात असणार.

आणखी एक तांत्रिक गोष्ट आहे, तिच्याकडे कुणी फारसं बघितलं नाही. मुंबईत मराठी रेडिओ होताच की! आकाशवाणीची अस्मिता वाहिनी ५५८ किलोहर्ट्झवर दिवसभर मराठीत बोलत होती. पण ती मध्यम लहरींवर. नेमक्या याच काळात नोकियाच्या स्वस्त फोनांतही एफएम आलं, इअरफोनची वायर हीच अँटेना, आणि लोकलमधला प्रत्येक दुसरा माणूस कानात बोंडं घालून उभा राहू लागला. त्या फोनात मध्यम लहरी येत नाहीत. घरातला मोठा रेडिओ माळ्यावर गेला आणि त्याच्याबरोबर ५५८ ही गेलं. खिशातल्या रेडिओवर जे होतं तेच शहराचा आवाज ठरलं. मराठी मागे पडण्यात न्यूनगंडाचा वाटा असेल तो असो, फोनातल्या या बारक्या एफएम चिपचा वाटाही कमी नव्हता.

मग सरकारला शहाणपण सुचलं. जुलै २००५ मध्ये दुसऱ्या टप्प्याचं धोरण आलं. एकरकमी प्रवेश फी, आणि त्यापुढे वर्षाला उत्पन्नाच्या ४ टक्के किंवा त्या शहरासाठी ठरलेल्या राखीव प्रवेश फीच्या १० टक्के, यातलं जे जास्त असेल ते. गळ्यातला फास सैल झाला. मुंबईत नव्या वाहिन्या आल्या आणि जुन्यांचे आकडेसुद्धा हलले. मुंबईचा काटा आजही बघा: ९१.१, ९१.९, ९२.७, ९३.५, ९४.३. दोघांत नेमकं ०.८ चं अंतर. गोचं रेडिओ वन झालं आणि ९२.५ वरून ते ९४.३ वर गेलं. चाळीत खोल्यांची फेरवाटणी व्हावी तसं.

त्याच जुलैत, २६ तारखेला, पाऊस झाला. सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर. वीज गेली, फोन गेले, लोकल थांबल्या, आणि सेलवर चालणारा रेडिओ तेवढा उरला. त्या रात्री आम्ही सात-आठ जणं ऑफिसातच अडकलो होतो आणि पिऊनच्या ट्रान्झिस्टरवर एफएम लावून बसलो होतो. गाणी जवळजवळ बंदच होती. अमुक शाळेतली मुलं शाळेतच सुरक्षित आहेत, तमुक पुलाखालून जाऊ नका, अमक्याच्या घरच्यांनी काळजी करू नये. ज्याचा फोन लागला त्याचा निरोप हवेत जात होता. खाजगी केंद्रांना बातम्या द्यायची परवानगी नव्हती, आजही स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत. त्या रात्री तो नियम कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो हे बघायला कुणाला सवड नव्हती. २०११ च्या तिसऱ्या टप्प्याच्या धोरणात वाहतूक, हवामान, पाणी-विजेच्या सूचना, नैसर्गिक आपत्ती, परीक्षांचे निकाल हे सगळं ‘बातमी नव्हे’ असं ठरवून मोकळं केलं गेलं. आकाशवाणीच्या बातम्या मात्र जशाच्या तशा लावता येतात. म्हणजे पूर आला हे सांगायचं, गटारं का तुंबली हे विचारायचं नाही.

विचारायचं नाही म्हटल्यावर मुंबईकर गाणं म्हणणार. २०१७ च्या पावसाळ्यात रेड एफएमच्या मलिष्का मेंडोन्सा हिने त्या वेळी घरोघर पोचलेल्या ‘सोनू’ गाण्याच्या चालीवर खड्ड्यांवरून महापालिकेची खिल्ली उडवली. पालिकेत सत्तेवर असलेल्या शिवसेनेच्या नगरसेवकांनी ५०० कोटींच्या अब्रुनुकसानीच्या दाव्याची मागणी केली. पालिकेचं पथक तिच्या वांद्र्याच्या घरी तपासणीला गेलं, तिथे डासांच्या अळ्या सापडल्याचं सांगून तिच्या आईच्या नावाने नोटीस काढली. त्यावर शहर पोट धरून हसलं. मला त्यात निराळीच गंमत वाटली. दिवसभर हिंदी बोलणाऱ्या स्टेशनला महापालिकेला खडसावायची वेळ आली तेव्हा मराठी लागली. साडी, सोनं आणि आता खड्डे. यादी वाढत होती.

२०१६ च्या उन्हाळ्यात तर ‘सैराट’ची गाणी मुंबईच्या एफएमवर अशी वाजत होती की जणू डाउनमार्केट हा शब्द कुणी कधी उच्चारलाच नव्हता. पडद्यासमोर गर्दी होती, गर्दीमागे जाहिरात होती. माझा तो गिरगावातला विक्रीवाला तोवर दुसऱ्या कंपनीत वरच्या जागेवर होता. त्याचा फोन आला: “मॅडम, मराठीत काही असेल तर पाठवा, सध्या चालतंय.” सध्या!

मुंबईबाहेर चित्र निराळं होतं, निदान सुरुवातीला. दुसऱ्या टप्प्यात सांगली, सोलापूर, नांदेड, जळगाव, अकोला, अहमदनगर अशा गावांना खाजगी एफएम मिळालं. कोल्हापुरात ‘पुढारी’ने ९४.३ वर टोमॅटो एफएम काढलं. त्याचं नाव ऐकून मी हसले होते, पण कोल्हापूरला गेल्यावर रिक्षात जे कानावर पडलं ते ऐकून गप्प बसले. कोल्हापुरी बोलणं, मराठी गाणी, जाहिराती थेट महाद्वार रोडच्या. तिथे मराठीची बाजू मांडायची गरज कुणाला पडत नव्हती, कारण जाहिरात देणारा, ऐकणारा आणि बोलणारा एकाच गल्लीतले. मात्र लहान शहरांतल्या केंद्रांना आपसात कार्यक्रम वाटून घ्यायची मुभा धोरणातच होती. गावातल्या दुकानदारांकडून पुरेसे पैसे आले नाहीत की कंपनीला पगार वाचवायचा तो सोपा रस्ता. मग आरजे बोलतोय तो आपल्या गावातून की तीनशे किलोमीटरवरून, हे ओळखायची एकच खूण उरते: त्याला आपल्याकडचा आठवडी बाजार कुठल्या वारी भरतो ते माहीत आहे का.

गाण्यांच्या रॉयल्टीची लढाई मी दोन ओळींत संपवते, कारण वकील सोडून ती कुणी आवडीने ऐकत नाही. २५ ऑगस्ट २०१० रोजी कॉपीराइट बोर्डाने निकाल दिला की केंद्रांनी निव्वळ जाहिरात उत्पन्नाच्या २ टक्के संगीत कंपन्यांना द्यावेत. त्याआधी तासांच्या हिशोबाने द्यावं लागायचं, ते लहान केंद्रांना मारक होतं.

त्यापेक्षा मुंबईच्या १०४.८ ची गोष्ट सांगते. तिथे २००७ च्या सुमारास म्याँव नावाचं स्टेशन आलं होतं, खास बायकांसाठी आणि गप्पांवर भर देणारं. गाण्यांमधे बोलण्यापेक्षा बोलण्यामधे गाणी. मला ते फार आवडायचं. दुपारी ऑफिसात हळू आवाजात लावून ठेवायचे, आणि बायका सासूपासून पगारापर्यंत मोकळं बोलायच्या. जाहिरातदारांना ते कळलं नाही. बायकांना काय विकायचं हे ते नेहमीच्या गाण्यांच्या मधे विकतच होते, त्यासाठी बायकांचं ऐकायची काय गरज? पुढे त्याच आकड्यावर ओये आलं, मग इश्क. आणि जानेवारी २०२५ मध्ये कंपनीने हा व्यवसायच बंद करायचा निर्णय जाहीर केला. तीन नावं झाली, पण प्रत्येक वेळी मागचा प्रश्न एकच होता, दहा सेकंदांना किती मिळतात.

ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने आणखी २३४ शहरांत ७३० वाहिन्यांना मंजुरी दिली. मातृभाषेत स्थानिक कार्यक्रम मिळतील असं त्या वेळी सरकारने सांगितलं, फी उत्पन्नाच्या ४ टक्के ठेवली. महाराष्ट्रातली काही मधली शहरंही त्यात आहेत. माझा एक भाचा मराठवाड्यातल्या तालुक्याच्या गावी मंडप-साउंडचा धंदा करतो, त्याने ही बातमी वाचून मला फोन केला. चार मित्र मिळून काही करता येईल का, मावशी तू तर यातली आहेस. मी त्याला म्हटलं, आधी गावातून फेरी मार. कापड, सोनं, क्लासेस, दवाखाने, ट्रॅक्टरची एजन्सी. किती जण महिन्याला ठरावीक पैसे टाकतील ते विचारून ये, मग आपण बोलू.

आठवड्याने त्याचा फोन आला. सगळ्यांकडे जाऊन आला होता. रेडिओवर पैसे टाकायला कुणी तयार नव्हतं, सगळे रील करतात म्हणाला. करून देणारी मुलगी बस स्टँडमागे राहते, गावच्याच बोलीत बोलते, दुकानाचा पत्ता सुरुवातीलाच सांगते, आणि रीलमागे किती घेते तो आकडा त्याने मला सांगितला. आमच्या वीस सेकंदांच्या स्टुडिओचं भाडंही त्याहून जास्त होतं.